कुस्तीचा निकाल माहीत नाही

आमच्याकडं लग्नकार्याला माणसं जमली, जेवणं उरकली आणि पानाचं तबक फिरायला लागलं, की कुणीतरी हमखास म्हणतं, "काकी, ती कुस्ती सांगा की." मी आधी नको म्हणते. पूर्वी पुन्हा पुन्हा नको म्हणायचे, पण एकदा लोकांनी खरंच आग्रह सोडून दिला आणि दुसऱ्याच कुणाला तरी गाणं म्हणायला बसवलं, तेव्हापासून लवकर हो म्हणते.

माझ्या थोरल्या मुलीचं म्हणणं असं, की त्या कुस्तीतले पैलवान दरवर्षी थोडे थोडे उंच होत चालले आहेत आणि बघ्यांची गर्दी तर आता शिवेबाहेर गेली आहे. म्हणून एकदाची लिहून काढते. बोलताना माझं काही खरं नसतं. लिहिताना माणूस जरा धाकात राहतो.

माझे वडील, म्हणजे नाना, लष्करातून हवालदार होऊन परत आले तेव्हा मी पाटी-दप्तरातली होते. आमचं गाव कुंडलपासून सायकलवर जाण्याच्या टप्प्यात. थोडा ऊस, दावणीला दोन म्हशी, असा प्रपंच. लष्करात नानांचं काम गस्तीचं. पुढं जायचं, बघायचं आणि परत येऊन साहेबाला सांगायचं. तिथं त्यांना एक शिस्त लागली होती. डोळ्यांनी बघितलेलं वेगळं सांगायचं, कानांनी ऐकलेलं वेगळं सांगायचं आणि अंदाज वेगळा सांगायचा. तिन्हीची खिचडी केली तर माणसं मरतात, असं ते म्हणत. नोकरी सुटली, पण ही खोड सुटली नाही. त्याचा ताप घरात सगळ्यात जास्त आईला.

आई विचारायची, "आवं, शेजारच्या वैनी म्हायेरी गेल्या व्हय?"

"पिशवी घिऊन यष्टीत बसताना बघितल्या. कुठं गेल्या म्हाईत न्हाई."

"म्हायेरीच जाणार की! दुसरीकडं कुठं जातील?"

"त्यो अंदाज झाला."

"ह्या माणसाबरोबर दोन घटका कुणाची निंदानालस्ती करायची सोय न्हाई," असं आई सगळ्या गल्लीला सांगायची, आणि तिचं दुःख खरं होतं.

कुस्ती झाली त्या वर्षांत मी सांगलीला मावशीकडं राहून कॉलेज करत होते. बी.ए.ला मी तत्त्वज्ञान घेतलं. लोक विचारतात, का घेतलं? मी गंभीर चेहरा करून जिज्ञासा वगैरे सांगते. खरं कारण असं, की अर्थशास्त्राचे तास सकाळी लवकर असायचे आणि मला उठवत नसे. पण घेतल्यावर मात्र ते विषासारखं अंगात भिनलं. आमचे सर फळ्यावर पाण्यातली काठी काढायचे. काठी सरळ असते, दिसते वाकडी. मग डोळ्यांवर विश्वास कशाचा? आत्ता तुम्ही वर्गात बसलाय की वर्गात बसल्याचं स्वप्न बघताय, हे कशावरून ठरवाल? ज्याला आपण ज्ञान ज्ञान म्हणतो ते मुळात शक्य तरी आहे का? बाकीची मुलं खिडकीतून बाहेर बघत. मी मात्र पेटले.

सुट्टीत घरी आले की मी हे सगळं चुलीपुढं सांडायची.

"आई, ही भाकरी आहे हे तुला कसं माहीत?"

"खाऊ नगंस मग. ज्याला म्हाईत हाय त्यो खाईल."

"तसं नाही गं. म्हैस गोठ्यात आहे म्हणतेस. तू बघत नसतेस तेव्हा ती तिथं असतेच कशावरून?"

"तू जा आन् धार काढून आण. नसली तर मोकळीच ये."

भाषाही मी तेव्हा सांगलीहून नवी आणली होती. 'हाय'चं 'आहे' झालं होतं, 'न्हाई'चं 'नाही'. आई म्हणायची, पोरगी शिकली तशी वाक्यं लांब झाली, कामं आखूड झाली.

नाना मात्र माझं लक्ष देऊन ऐकायचे. एकदा उसाला पाणी पाजताना मी त्यांना स्वप्नाचा सगळा मुद्दा समजावून सांगितला. त्यांनी पाणी पुढच्या सरीत वळवलं, फावडं टेकवलं आणि विचारलं, "म्हंजे तुमचं सर म्हणत्यात, कायच कळत न्हाई?"

"हो."

"आन् मग पगार कसला घेत्यात?"

मी रागावले. ते हसले नाहीत. म्हणाले, "मी खरंच इचारतुय." त्यावर मी जे काही बोलले ते लांब होतं एवढंच आठवतं.

त्याच वर्षी माझं लग्न ठरलं. स्थळ रहिमतपूरचं. मुलगा साताऱ्यात हायस्कुलात मास्तर. बघायच्या कार्यक्रमात इतर पोरींना विचारतात तसं त्यानं मला लोणचं येतं का विचारलं नाही. तत्त्वज्ञानात काय शिकवतात, असं विचारलं. मी पाण्यातली काठी सांगितली. पोह्यांची बशी हातात तशीच धरून तो ऐकत राहिला, आणि शेवटी म्हणाला, "तुमचं एक वर्ष राहिलंय ना? लग्नानंतर परीक्षा द्या. माझी काही हरकत नाही." तेव्हाच्या काळात हे वाक्य एखाद्या मुलीला ऐकायला मिळणं म्हणजे काय होतं, हे आताच्या पोरींना सांगून पटायचं नाही. मला ते लग्न हवं होतं. सगळ्या जगाबद्दल मला शंका होती, एवढी एक गोष्ट सोडून.

सुपारी फुटली. लग्न उन्हाळ्यात धरलं. मधे आमच्या गावची जत्रा आली, आणि नव्या व्याह्यांना पहिल्या जत्रेला जेवायला बोलवायची आमच्याकडं रीत. दुष्काळ सरून दोन सुगी झाल्या होत्या. दुष्काळात जत्रा नावापुरती उरकलेली, म्हणून त्या वर्षी गावानं कुस्त्यांचं मैदान दणक्यात घ्यायचं ठरवलं होतं. मैदानाला पंच नाना. ते बरीच वर्षं तेच. यात्रा कमिटीनं सकाळीच घरी येऊन त्यांना फेटा बांधला, हातात नारळ दिला.

रहिमतपूरहून दोघंजण आले. एक माझे होणारे सासरे, मामंजी. दुसरे माझे थोरले दीर. नवरामुलगा आला नव्हता, त्याच्या शाळेत परीक्षा चालू होत्या. हे थोरले दीर म्हणजे पैलवान गडी. दारातून येताना आधी खांदे यायचे, मग ते. पण कुस्ती करायला म्हणून ते आले नव्हते. मटण खायला आले होते, आणि तसं त्यांनी येता येताच मोकळेपणानं सांगूनही टाकलं होतं.

बायकांनी मैदानात जायची पद्धत नव्हती. पण मैदानाला लागून माझ्या चुलत्यांची माडी होती. तिच्या गच्चीवर आम्ही साऱ्या बायका दाटीवाटीनं उभ्या. मधे एक जुना कडुलिंब. त्याच्या फांद्यांतून मैदान तुकड्यातुकड्यांनी दिसायचं. वारा आला की तुकडे बदलायचे.

शेवटच्या मोठ्या कुस्तीला घोळ झाला. आमच्या गावच्या पैलवानाची जोड ज्याच्याशी ठरली होती तो सीमेकडचा गडी आलाच नाही. आमचा पैलवान हात वर करून मैदानाला फेऱ्या मारू लागला. ज्याला लढायचं त्यानं पुढं येऊन तो हात धरायचा. कुणी धरेना. इनाम म्हणून ठेवलेलं चांदीचं कडं टेबलावर नुसतं चमकत होतं. आणि मग गर्दीतून कुणीतरी मोठ्यानं म्हणालं, "पावणं नुसतंच मटान खायाला आल्यात व्हय रं?"

हशा झाला. दुसरा म्हणाला, "खाऊ द्या गड्या. त्यांच्याकडं बोकडं लय बारकी असत्यात."

मामंजी दिराचा सदरा धरून म्हणत होते, "बस की रं खाली!" पण तो सदरा त्यांच्या हातातच राहिला. दीर सदऱ्यातून निघून मैदानात पोचले होते.

नानांनी लगेच हात वर केला. "ह्या कुस्तीला दुसरा पंच बघा. पावणा माझा हाय."

कमिटीचे अध्यक्ष धावत आले. "आवं नाना, म्हणून तर तुमीच पायजे. पावणा बी तुमचा, गाव बी तुमचं. दोनीकडनं सारखंच झालं की."

हा हिशेब साऱ्या मैदानाला पटला. नानांना पटला नव्हता, पण हलगी वाजायला लागली होती.

कुस्ती लय वेळ चालली. दोघांनी एकमेकांच्या अंगाला तांबडी माती चोळली आणि भिडले. कधी हा वर, कधी तो. घामानं मातीचा चिखल होऊन दोघं एकाच रंगाचे झाले, तेव्हा माडीवरून कोण कुठला हे मला नुसत्या खांद्यांवरून ओळखावं लागत होतं. दिवस कलला होता. आमच्या पैलवानानं एकदम डाव टाकला, दोघं गरगरत मैदानाच्या कडेला गेले, गर्दी उठून उभी राहिली. आणि त्याच क्षणी, आपलाच जिंकला असं वाटून, कुणीतरी आनंदानं डोक्याचा पटका हवेत भिरकावला.

तो पटका नानांच्या तोंडावर येऊन पडला.

चांगला लांबलचक पटका होता. नानांनी तो ओढून काढला तेव्हा दोन्ही पैलवान कुशीवर एकमेकांना धरून पडले होते, आणि अर्धं मैदान ओरडत होतं "टेकली! टेकली!", उरलेलं अर्धं "न्हाई टेकली!" कुस्ती निकाली होती. पाठ मातीला टेकली की हरला, बाकी गुणबिण काही नाही.

आणि त्या साऱ्या ओरड्याच्या वर एक बारीक, शुद्ध भाषेतला आवाज माडीवरून येत होता. "नाही टेकली! नाही टेकली! मी पाहिलंय!" तो माझा होता. स्वप्न कुठलं आणि जाग कुठली असा प्रश्न मला त्या वेळी अजिबात पडला नाही. आईनं माझ्या दंडाला असा चिमटा काढला की त्या वेदनेच्या खरेपणाबद्दलही मला आजवर शंका आलेली नाही.

नानांनी हात करून हलगी थांबवली. दोघांना उठवून उभं केलं. त्यांच्या पाठी बघितल्या. पाठींवर मातीच माती, पण ती तर सुरुवातीलाच चोळलेली. मग त्यांनी दोघांना काहीतरी विचारलं. ते मला ऐकू आलं नाही, नंतर हलगीवाल्यानं घरी येऊन सांगितलं. ते असं.

आमचा पैलवान म्हणाला, "नाना, टेकवल्यागत वाटली."

"वाटली का टेकली?"

त्या पोरानं तोंडावरची माती पुसली. मग म्हणाला, "वाटली."

नानांनी दिरांकडं बघितलं. दीर म्हणाले, "मला काय बी कळलं न्हाई, नाना. वर आभाळ दिसलं, एवढं खरं."

"आभाळ कुशीवरनं बी दिसतंय," नाना म्हणाले.

म्हणजे बघा, ज्याची पाठ होती त्यालाही माहीत नव्हतं. आमच्या सरांनी फळ्यावर काठ्या काढून वर्षभर जे सांगितलं होतं, ते तिथं दोन उघडी माणसं मातीत उभी राहून सांगत होती. पण ते माझ्या नंतर लक्षात आलं. तेव्हा मी दुसऱ्या दंडाला चिमटा बसू नये म्हणून सरकून उभी होते.

अध्यक्ष घाम पुसत आले. "बराबरीत सोडा, नाना. दिवस बी मावळाय आलाय. बराबरीत सोडली म्हणजी दोनी बाजू गप."

"बराबरीत म्हंजे कुणाचीच टेकली न्हाई, असं मी बघितलं म्हणायचं. मी कुठं बघितलंय?"

"मग परत लावा!"

दिरांचा गुडघा मुरगळला होता. ते एका पायावर उभे होते. परत लावता येत नव्हती.

"मग लोकांस्नी सांगायचं काय?" अध्यक्ष रडकुंडीला आले.

"खरं हाय ते सांगा."

"खरं काय हाय?"

"त्येच तर म्हाईत न्हाई."

कर्ण्यावर बोलणारा माणूस मोठा बोलघेवडा. सकाळपासून त्याचं तोंड बंद झालं नव्हतं. आता त्यानं कर्ण्यात दोनदा फुंकर मारली, खाकरला आणि म्हणाला, "मंडळी, ह्या कुस्तीचा निकाल... पंचांस्नी म्हाईत न्हाई."

हे वाक्य त्या भागातल्या कर्ण्यावरून पहिल्यांदाच आलं असावं. हा माझा अंदाज. मग जी हुर्यो उठली, ती बराच वेळ खाली बसली नाही. नानांनी डोक्यावरचा फेटा उतरवला, नीट घडी घातली, वर नारळ ठेवला आणि दोन्ही टेबलावर ठेवून म्हणाले, "ह्यो बघण्याचा मान हुता. मी बघितलं न्हाई." आणि गर्दीतून वाट काढत निघाले. बोडक्या डोक्यानं चारचौघांत चाललेले नाना मी पहिल्यांदाच बघत होते.

त्या क्षणी मला त्यांचा अभिमान वाटला, असं सांगायला छान वाटेल. पण तसं झालं नाही. त्या क्षणी मला वाटलं, ह्या माणसाला एवढं एक वाक्य बोलायला काय झालं होतं? टेकली म्हटलं असतं तर गाव खूश. नाही टेकली म्हटलं असतं तर पाहुणे खूश. बरोबरीत म्हटलं असतं तर सगळेच निम्मे निम्मे खूश. ह्यांनी साऱ्या जगाला एकाच वेळी नाराज करायची अवघड कला साधली होती. अभिमान यायला वेळ लागला. आला तो मात्र कायमचा राहायला आला.

पाहुणे जेवले नाहीत. दीर लंगडत आणि मामंजी गप्प, असे दोघं शेवटच्या एसटीनं गेले. मटणाचं पातेलं तसंच राहिलं. आई चुलीपुढं बसून डोळे पुसत होती. "पोरीचं लगीन मोडलं," एवढंच म्हणत होती. कडं कुणालाच देता येईना, तेव्हा कमिटीनं ते नेऊन देवळात ठेवलं.

पुढचे आठ-पंधरा दिवस घरात सुतक असल्यासारखे गेले. गावात बोलत होते, नाना पावण्याला भ्याले. तिकडं रहिमतपुरात बोलत होते, नाना गावाला भ्याले. हे दोन्ही ऐकलेलं. डेअरीवर दूध घालायला गेले की टवाळ पोरं विचारायची, "नाना, दूध म्हशीचंच हाय न्हवं? का म्हाईत न्हाई?"

"म्हशीचं हाय. मी काढलंय," नाना म्हणायचे आणि किटली पुढं करायचे. चिडायचे नाहीत. त्यामुळं पोरांची मजा जायची, आणि ती दुसऱ्या दिवशी पुन्हा नव्या उमेदीनं यायची.

मला मात्र राहवलं नाही. एकदा गोठ्यात मी त्यांना गाठलंच.

"नाना, बरोबरीत म्हणाला असता तर काय बिघडलं असतं? नाहीतरी खरं काय ते कुणालाच कधी कळत नसतं."

नाना वैरण टाकत होते. थांबले. "असं तुमच्यात शिकवत्यात?"

"हो. म्हणजे... तसंच."

"सगळंच कळत न्हाई म्हणलं की मग काय बी बोलाय मोकळं, असंच न्हवं? माझं तसं न्हाई गं बाई. ही म्हस आपली हाय, हे मला म्हाईत हाय. तू माझी लेक हायस, हे म्हाईत हाय. त्या पोराची पाठ टेकली का, हे म्हाईत न्हाई. आता जे म्हाईत न्हाई ते बी म्हाईत हाय म्हणलो, तर उद्या तू माझी लेक हायस म्हणलो तरी कोण इस्वास ठेवंल?"

मी म्हणाले, "पण म्हैस तरी आपली आहे हे कशावरून?"

"शेण कोण काढतंय त्येच्यावरनं," ते म्हणाले आणि पाटी माझ्याकडं सरकवली.

पाटी डोक्यावर घेऊन उकिरड्याकडं जाताना मला पहिल्यांदा कळलं, की माझी शंका आणि नानांची शंका ह्या दोन वेगळ्या वस्तू आहेत. मी शंका घ्यायची ती वाद जिंकायला. नानांनी घेतली ती हरायची तयारी ठेवून. मला शंका फुकट पडत होती. ह्यांनी तिच्यापायी गावातलं वजन घालवलं होतं, आणि कदाचित लेकीचं लग्नही.

मग एका सकाळी एसटीतून मामंजी आणि दीर उतरले. आईनं दुरूनच बघितलं आणि ती भिंतीला टेकून खाली बसली. "सुपारी परत कराय आल्यात," ती म्हणाली. मी पाणी नेऊन दिलं. मामंजींनी तांब्या तोंडाला लावला नाही, हातात धरून ठेवला. दीर कोपऱ्यात बसले, गुडघ्याला अजून फडकं बांधलेलं.

मामंजी म्हणाले, "नाना, आडवंतिडवं बोलत न्हाई. माझ्या पोराची पाठ टेकली का न्हाई?"

"म्हाईत न्हाई."

"आजून?"

"आजून."

"यवढ्या दिसांत इचार केला आसंल की."

"इचार करून काय दिसत नसतं, पावणं."

दीर कोपऱ्यातून वडलांना म्हणाले, "दादा, मी तुमास्नी सांगतुयच की. मला सवताला म्हाईत न्हाई, तर त्यांस्नी कसं असंल?"

"तू गप. तुला इचारलं न्हाई." मामंजींनी तांब्या खाली ठेवला. "न्हाई टेकली म्हणला असतासा तर आमच्या गावात तुमची मिरवणूक काढली असती. म्हाईत हाय न्हवं?"

"ते मातूर म्हाईत हाय," नाना म्हणाले.

मामंजींनी मान वर केली. दाराशी मी उभी होते. "पोरी, हिकडं ये. माडीवरनं तू वरडत हुतीस म्हणं. सगळ्या मैदानानं ऐकलं. टेकली न्हाई, मी बघितलंय, असं. खरं का?"

लग्न माझ्या तोंडाशी येऊन बसलं होतं. 'हो, नाही टेकली' एवढं म्हटलं की संपलं. पाहुणे हसतील, आई उठून उभी राहील, मी परीक्षा देईन. मी नानांकडं बघितलं. नाना कौलांकडं बघत होते. त्यांनी मला खुणेनं काही सांगितलं असतं तर फार सोपं झालं असतं.

"ओरडले ते खरं," मी म्हणाले.

"आन् बघितलंस?"

"मधे लिंबाची फांदी होती. मला... मला टेकलेली नको होती, म्हणून टेकली नाही असं वाटलं."

"म्हंजे काय?"

"म्हणजे माहीत नाही."

आत आईनं कपाळावर हात मारल्याचा आवाज आला. मामंजींनी मला एकदा नीट बघून घेतलं. मग ते नानांकडं वळले आणि म्हणाले, "काय वो, तुमच्या घरात समदी असलीच हायत व्हय?"

"हिची आय सोडून," नाना म्हणाले. "तिला सगळं म्हाईत असतंय."

मामंजींच्या मिशा आधी हलल्या, मग पोट, आणि मग ते असे मोकळे हसले की कोपऱ्यातल्या दिरांनाही धीर आला. आई पदर सावरत दारात आली आणि तिनं त्या घराण्यातलं एकमेव ठाम वाक्य उच्चारलं.

"व्हय, मला म्हाईत हाय. पावणं आज जेवल्याबिगर जात न्हाईत."

पाहुणे जेवले. दीर तर मागची राहिलेली थाळीही भरून काढावी तसे जेवले. जेवता जेवता मामंजी नानांना म्हणाले, "आमच्यात समद्यांस्नी समदं म्हाईत असतंय. घरात एक तरी अशी असूंदे."

लग्न ठरल्या तिथीला झालं. साताऱ्याहून सांगलीला येऊन मी परीक्षा दिली, पासही झाले. गावातली टवाळी हळूहळू विरली, आणि मग एक गंमत झाली. बांधाचा तंटा असो, विहिरीच्या पाळीचं भांडण असो, लोक नानांना बोलवायला लागले. म्हणायचे, नानांनी बघितलं असंल तर सांगतील, नसलं तर न्हाई म्हणतील, पण मधलं काय सांगायचे न्हाईत. ज्यांनी हुर्यो केली होती त्यातलेच बरेच पुढं त्यांच्या शब्दासाठी दारात येऊन बसायचे. नाना त्यांना चहा पाजायचे आणि बहुतेक वेळा सांगायचे, मी तिथं नव्हतो.

सासरी मात्र मामंजींनी माझ्याबाबतीत एक सवय लावून घेतली. घरी कुणी मोठं माणूस आलं की मला हाक मारायचे आणि सांगायचे, "ही आमची धाकली सून. भर मैदानात म्हाईत न्हाई म्हणला न्हवं, त्या हवालदाराची लेक." पाहुणा मला पायापासून डोक्यापर्यंत बघायचा. आणि मी पदर नीट करून, मान जरा गरजेपेक्षा जास्तच ताठ ठेवून, चहा टाकायला आत जायची.